नळकांडं किती वेगानं फिरत होतं?

९ एप्रिल १८६० रोजी पॅरिसमध्ये एद्वार-लेओं स्कॉट या फ्रेंच संशोधकाच्या आवाज रेघेत उमटवणाऱ्या यंत्रासमोर 'ओ क्लेर द ला ल्यून' या फ्रेंच लोकगीताचा तुकडा गायला गेला. कर्ण्याच्या टोकाला ताणलेला पडदा, पडद्याला चिकटवलेला राठ केस आणि केसाखाली फिरत्या नळकांड्यावर काजळी धरलेला कागद. पडदा थरथरला की केस काजळीत नागमोडी रेघ ओढायचा. ही रेघ डोळ्यांनी वाचायची, एवढाच स्कॉट यांचा हेतू. ती परत वाजवायची सोयच नव्हती. आवाज मुद्रित करून परत ऐकवणारा एडिसनचा फोनोग्राफ यायला अजून १७ वर्षं होती.

२००८ मध्ये अमेरिकेतल्या लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेत त्या कागदाच्या स्कॅनमधून संगणकानं आवाज काढला. एखादी मुलगी गातेय असं वाटलं, जगभर बातम्या झाल्या. पुढच्या वर्षी अभ्यासकांनीच दुरुस्ती केली: वेग दुप्पट धरला गेलाय. गाणारा पुरुष आहे, बहुधा खुद्द स्कॉट.

घोटाळा कुठे झाला, ते मोठं गमतीचं आहे. नळकांडं हातानं फिरवायचं, म्हणजे वेग कमीजास्त होणारच. म्हणून स्कॉट यांनी शेजारीच नादकाट्याची, म्हणजे ठरावीक गतीनं थरथरणाऱ्या धातूच्या चिमट्याची, रेघही उमटवून घेतली होती. तीच मोजपट्टी. पण त्या काळचे फ्रेंच शास्त्रज्ञ एका हेलकाव्यातलं जाणं आणि येणं वेगवेगळं मोजत. त्यांची ५०० कंपनं म्हणजे आपली २५०. ती आपली ५०० समजली गेली आणि वेग दुप्पट झाला.

आपल्याकडच्या जुन्या ग्रामोफोनच्या लाखेच्या तबकड्यांना तर अशी मोजपट्टीही नाही. सुरुवातीच्या काळात '७८ फेऱ्यांची' (मिनिटाला) तबकडी नेमक्या ७८ ला मुद्रित झालेली असेलच असं नाही. ७३.६ फेऱ्यांची तबकडी ७८ नं वाजवली, की काळी एकमधली चीज थेट पांढरी दोनमध्ये, म्हणजे पेटीवरच्या लगतच्या वरच्या पट्टीत, ऐकू येते. ताना उगाच चपळ होतात आणि आपण 'काय तयारी होती!' म्हणून माना डोलावतो.

साथीला पेटी असेल तर थोडा आधार मिळतो, कारण तिच्या पट्ट्या ठरलेल्या. पण खरी पट्टी काळी एक की पांढरी दोन, हे पेटी सांगत नाही. तिथे त्या गायकाच्या इतर तबकड्या ऐकलेला, त्याच्या गळ्याची जात ओळखणारा कान लागतो. आणि ऐकायला सगळं शिल्लक हवं. खरखर काढायच्या उत्साहात तंबोऱ्याची जवारी, म्हणजे तारांचा गुंजणारा झंकार, आणि गायकाचा श्वासही पुसला जातो. 'स्वच्छ' केलेल्या अशा गाण्यांचा मला तरी वैताग येतो. जाणकार संग्राहक तबकडी धुऊन, खाचेला बसेल अशी सुई निवडून पहिली प्रत खरखरीसकट जपतात. वेगाची आणि सफाईची सगळी कारागिरी दुसऱ्या प्रतीवर.