आयडियल (अमूर्त बीजगणित)

आयडियल म्हणजे रिंगमधला (रिंग म्हणजे जिथे बेरीज, वजाबाकी आणि गुणाकार चालतात असा संच, जसे पूर्णांक) असा उपसंच की ज्यातल्या कुठल्याही दोन घटकांची वजाबाकी केली तर उत्तर त्यातच राहतं, आणि त्यातल्या घटकाला रिंगमधल्या कशानेही गुणलं, आतल्याने गुणा की बाहेरच्याने, तरी उत्तर परत त्यातच येतं. व्याख्या एवढीच, शिवाय उपसंच रिकामा नको. पुस्तकात ही दोन ओळींत संपते आणि लगेच उदाहरणं सुरू होतात, त्यामुळे गोव्यात बीएस्सीला गणित घेतलेली पोरं ती पाठ करतात, पेपरात लिहितात, आणि फोंड्याला बसस्टॉपवर एकमेकांना विचारतात की हे नेमकं कशाला पाहिजे. प्रश्न अगदी रास्त आहे, कारण नुसत्या व्याख्येकडे बघून उत्तर दिसतच नाही.

खरं तर आयडियल म्हणजे "आजपासून हे सगळं शून्य धरायचं" असं ठरवलेल्या घटकांचा संच. काय काय शून्य धरता येतं आणि काय नाही याचे नियम गणिताने आपल्यावर लादलेत, आणि वरची व्याख्या म्हणजे तेच नियम.

सगळ्यात सोपं उदाहरण पूर्णांकांचं. म्हापशाचा मोठा बाजार शुक्रवारी भरतो हे सगळ्यांना ठाऊक आहे. आता या शुक्रवारपासून १०० दिवसांनी मोठा बाजार असेल का, तर कोणी कॅलेंडरची पानं उलटत बसत नाही, १०० मधून ९८ काढले, राहिले २, म्हणजे रविवार, बाजार नाही. इथे आपण ७, १४, ९८ या सगळ्यांना शून्य धरलं. ७ च्या पटींचा हा संच पूर्णांकांच्या रिंगमधला आयडियल आहे. दोन पटींची वजाबाकी परत ७ ची पट, आणि २१ ला कुठल्याही पूर्णांकाने गुणा, ऋण असो की धन, ७ ची पटच मिळणार. गुणाकारही असाच चालतो: १२ दिवसांचं एक काम असं ९ वेळा करायचं, तर १२ म्हणजे ५ आणि ९ म्हणजे २, गुणाकार १०, म्हणजे ३, म्हणजे सोमवार. खरं उत्तर १०८, त्याला ७ ने भागलं की बाकी ३च उरते.

हे जुळलं कसं, ते एकदा नीट बघायला पाहिजे, कारण व्याख्येतली विचित्र वाटणारी दुसरी अट इथूनच येते. समजा अ आणि अ′ यांच्यातला फरक आयडियलमध्ये आहे, म्हणजे आपल्या दृष्टीने ते दोघे सारखेच, तसंच ब आणि ब′ यांचं. मग अब आणि अ′ब′ सारखे निघायला पाहिजेत, नाहीतर गुणाकाराला अर्थच नाही, एकाने एक प्रतिनिधी घेतला आणि दुसऱ्याने दुसरा घेतला तर उत्तरं वेगळी येतील. आता

अब − अ′ब′ = अ(ब − ब′) + (अ − अ′)ब′

असं लिहिता येतं. उजवीकडे बघा. कंसातल्या गोष्टी आयडियलमधल्या आहेत, पण त्यांना गुणणारे अ आणि ब′ कुठलेही असू शकतात, रिंगमधले कोणीही. म्हणजे "बाहेरच्याने गुणलं तरी आतच राहिलं पाहिजे" ही अट नसेल तर हे गणित इथेच कोसळतं. ही अट कोणाच्या हौसेखातर आलेली नाही. अशा रीतीने आयडियलला शून्य धरून जी नवी रिंग तयार होते तिला क्वोशंट रिंग म्हणतात. बेरीज-गुणाकार सांभाळून एका रिंगमधून दुसरीत नेणारं फलन म्हणजे होमोमॉर्फिझम, आणि त्यात जे घटक शून्यावर जातात तो त्याचा कर्नल; हा कर्नल नेहमी आयडियल असतो, आणि उलट प्रत्येक आयडियल कुठल्या ना कुठल्या होमोमॉर्फिझमचा कर्नल असतो, म्हणजे ग्रुप थिअरीत नॉर्मल सबग्रुपची जी जागा तीच रिंगमध्ये याची.

सबरिंग (रिंगच्या आतली छोटी रिंग) आणि आयडियल यांची गल्लत सगळ्यात जास्त होते. पूर्णांक हे परिमेय संख्यांची सबरिंग आहेत पण आयडियल नाहीत, १ ला अर्ध्याने गुणा की लगेच बाहेर. याच कारणाने आयडियलमध्ये १ सापडला की खेळ संपला, सगळी रिंगच आत आली. आणि म्हणून फील्डमध्ये (म्हणजे परिमेय संख्यांसारखी रिंग, जिथे शून्य सोडून कशानेही भागता येतं) आयडियल दोनच, एकटं शून्य किंवा अख्खं फील्ड, कारण शून्य सोडून काहीही आत असलं तर त्याच्या व्यस्ताने गुणून १ मिळतो. गुणाकाराचा क्रम बदलल्यावर उत्तर बदलत असेल, जसं मॅट्रिसेसमध्ये, तर डावा आणि उजवा आयडियल वेगळे बघावे लागतात. २×२ मॅट्रिसेसमध्ये ज्यांचा दुसरा कॉलम शून्य आहे ते सगळे घ्या: डावीकडून कशानेही गुणलं तरी दुसरा कॉलम शून्यच राहतो, उजवीकडून गुणलं की बिघडतो. म्हणजे हा डावा आयडियल आहे, उजवा नाही. हा प्रश्न परीक्षेत विचारण्यासारखाच आहे आणि विचारतातही.

बोलताना "क्ष ने जनरेट केलेला आयडियल", म्हणजे क्ष ज्यात आहे असा सगळ्यात लहान आयडियल, असं म्हणतात आणि कंसात (क्ष) लिहितात. एकाच घटकाने जनरेट होतो तो प्रिन्सिपल आयडियल. पूर्णांकांमध्ये सगळे आयडियल प्रिन्सिपल असतात, त्यामुळे नवख्याला वाटतं की सगळीकडे असंच. पूर्णांक सहगुणकांच्या बहुपदींमध्ये गेलं की गंमत कळते. २ आणि क्ष या दोघांनी मिळून जनरेट केलेला आयडियल घ्या, म्हणजे ज्यांचं स्थिर पद सम आहे अशा सगळ्या बहुपदी. हा एकट्याने जनरेट करणारी बहुपदी असती तर तिने २ ला भाग दिला असता आणि क्ष लाही, मग ती १ किंवा −१ असायला पाहिजे, पण १ चं स्थिर पद विषम, तो आत नाहीच. झालं, प्रिन्सिपल नाही.

आयडियलांची बेरीज, छेद आणि गुणाकारही करतात. (४) आणि (६) ची बेरीज (२), म्हणजे मसावि, छेद (१२), म्हणजे लसावि, आणि गुणाकार (२४). एक सवय मात्र लावून घ्यावी लागते: ज्या संख्येने भाग जातो तिचा आयडियल मोठा. (२) च्या पोटात (६) असतो, उलट नाही. "भाग जाणे" आणि "पोटात असणे" एकच, पण दिशा उलटी, आणि यात पहिले काही दिवस सगळेच गोंधळतात.

प्राइम आयडियल म्हणजे ज्याच्यात अब असेल तर अ किंवा ब यांतला एक तरी असतोच (अख्खी रिंग यात धरत नाहीत). (७) प्राइम आहे, (६) नाही, कारण २ आणि ३ बाहेर असून गुणाकार आत. मॅक्सिमल म्हणजे ज्याच्या वर अख्ख्या रिंगशिवाय दुसरा मोठा आयडियल नाही. कम्युटेटिव्ह (गुणाकाराचा क्रम बदलला तरी उत्तर तेच) आणि १ असलेल्या रिंगमध्ये प्राइमने भागलं, म्हणजे त्याला शून्य धरलं, की इंटिग्रल डोमेन मिळतं (जिथे शून्य नसलेल्या दोघांचा गुणाकार कधी शून्य होत नाही), मॅक्सिमलने भागलं की फील्ड. प्रत्येक मॅक्सिमल आयडियल प्राइम असतो, उलट नाही: मघाच्याच बहुपदींमध्ये (क्ष) प्राइम आहे पण मॅक्सिमल नाही, कारण (२, क्ष) त्याच्या वर बसलाय.

आला कुठून

पुस्तकं हा विषय उलट्या क्रमाने शिकवतात, आधी व्याख्या आणि मग, वेळ उरला तर, कारण. घडलं ते असं. १ मार्च १८४७ ला पॅरिसच्या अकादमीत लामे या फ्रेंच गणितज्ञाने फर्माच्या शेवटच्या प्रमेयाची (न २ पेक्षा मोठा असला की क्ष^न + य^न = झ^न ला धन पूर्णांकांत उत्तर नाही) सिद्धता मिळाल्याचं जाहीर केलं. युक्ती अशी होती की क्ष^प + य^प चे १ च्या प-व्या मुळांच्या मदतीने अवयव पाडायचे आणि मग साध्या पूर्णांकांसारखं पुढे जायचं. लिऊव्हिलने तिथेच शंका काढली, की या नव्या संख्यांमध्ये अवयव एकाच प्रकारे पडतात हे कशावरून? आणि शंका बरोबर निघाली. जर्मनीत कुमरने १८४४ मध्येच दाखवलं होतं की २३ साठी ते तसे पडत नाहीत.

लहान उदाहरणात हे असं दिसतं. अ + ब√−५ अशा रूपाच्या संख्या घ्या, अ आणि ब पूर्णांक. इथे

६ = २ × ३ = (१ + √−५)(१ − √−५)

आणि हे चारही घटक पुढे फुटत नाहीत. अ² + ५ब² याला नॉर्म म्हणतात, गुणाकाराचा नॉर्म म्हणजे नॉर्मांचा गुणाकार. चौघांचे नॉर्म ४, ९, ६, ६. यातलं कोणी फुटायचं तर नॉर्म २ किंवा ३ असलेली संख्या पाहिजे, आणि अ² + ५ब² कधी २ होत नाही की ३ होत नाही. म्हणजे ६ चे दोन वेगळे अवयव, दोन्ही खरे.

कुमरचं म्हणणं असं की आणखी बारीक अवयव आहेत, फक्त ते या संख्यांमध्ये दिसत नाहीत, आणि त्यांना त्याने "आयडियल संख्या" म्हटलं. त्याने रसायनशास्त्राचा दाखला दिला: फ्लोरीन त्या काळी कोणी वेगळा करून दाखवलेला नव्हता (ते मॉयसाँने १८८६ मध्ये केलं), तरी संयुगांमध्ये तो आहे असं धरून चालत होते. मला स्वतःला कुमरचा हा धीटपणा फार आवडतो, नसलेल्या संख्येने भाग जातो की नाही हे तपासण्याच्या कसोट्या त्याने आधी बनवल्या, संख्या मागाहून बघू. आणि काम झालं: ज्या अविभाज्य संख्यांना त्याने रेग्युलर म्हटलं त्या सगळ्यांसाठी फर्माचं प्रमेय सिद्ध झालं. १०० च्या आत रेग्युलर नसलेल्या तीनच, ३७, ५९ आणि ६७.

डेडेकिंडने १८७१ मध्ये यातली जादू काढून टाकली. नसलेल्या संख्येच्या मागे लागण्यापेक्षा, तिने ज्यांना भाग गेला असता त्या सगळ्यांचा संच घ्या, आणि त्या संचालाच वस्तू माना. तोच आयडियल. वरच्या उदाहरणात (२, १ + √−५) या आयडियलला प म्हणू. त्याचा वर्ग करा: जनरेटर मिळतात ४, २ + २√−५ आणि −४ + २√−५. शेवटच्या दोघांची वजाबाकी ६, त्यातून ४ गेले, राहिले २. म्हणजे २ आत आहे, आणि बाकी सगळे २ च्या पटीतलेच, म्हणून प चा वर्ग बरोबर (२). ३ चेही असेच दोन आयडियल पडतात, (३, १ + √−५) आणि (३, १ − √−५), त्यांना त आणि त′ म्हणू. मग (१ + √−५) म्हणजे पत, (१ − √−५) म्हणजे पत′, आणि ६ चे दोन्ही अवयव म्हणजे प·प·त·त′ याच चौघांची वेगळी जोडणी. मोडलेलं एकमेवत्व परत आलं.

पुढे हे काम हिल्बर्ट, लास्कर आणि मग एमी नोएदर या गणितज्ञांनी नेलं. १९२१ च्या तिच्या लेखात संख्या जवळजवळ गायबच होतात, राहते ती एक अट, की आयडियलांची वाढत जाणारी साखळी कुठेतरी थांबते, आणि तेवढ्यावर सगळं उभं राहतं. अशा रिंगना आज नोएथेरियन म्हणतात. फान डेर वेर्डनच्या १९३०-३१ च्या पाठ्यपुस्तकामुळे ही भाषा जगभर गेली आणि नंतर फ्रान्सच्या बूर्बाकी गटाने (या टोपणनावाने एकत्र लिहिणारे गणितज्ञ) तिला आजचं कडक इस्त्रीचं रूप दिलं. या बूर्बाकीचा गोव्याशी एक भन्नाट संबंध आहे: आपले दामोदर धर्मानंद कोसंबी, जन्म १९०७, कोसबें, यांनी १९३१ मध्ये आंद्रे व्हेय (पुढे या गटाचा एक संस्थापक) याच्या सांगण्यावरून एका लेखात बूर्बाकी नावाच्या, अस्तित्वातच नसलेल्या रशियन गणितज्ञाचा हवाला ठोकून दिला होता, गट जन्मायच्या आधीच. आयडियलवर कोसंबींनी काम केलेलं नाही, त्यांचा विषय भूमिती आणि संख्याशास्त्र, पण हे सांगितल्याशिवाय राहवत नाही.

कुठे वापरतात

वास्तव संख्यांच्या बहुपदींमध्ये क्ष² + १ ला शून्य धरा, काँप्लेक्स संख्या तयार. पणजीच्या मासळी बाजारात बांगड्याचे पैसे क्यूआर कोडवर देताना त्या चौकटीतली दुरुस्तीची सोय रीड-सॉलोमन कोडची असते, आणि ती २५६ घटकांच्या फील्डवर चालते. हे फील्ड म्हणजे ० आणि १ सहगुणकांच्या बहुपदी (१ + १ = ० धरून), ज्यात क्ष^८ + क्ष^४ + क्ष^३ + क्ष^२ + १ ला शून्य धरलंय. ही बहुपदी फुटत नाही म्हणून आयडियल मॅक्सिमल, आणि म्हणून भागाकार करता येतो. सायक्लिक कोड (ज्यातला शब्द गोल फिरवला तरी कोडमध्येच राहतो) हा तर सरळच एक आयडियल असतो, क्ष^न − १ ला शून्य धरलेल्या रिंगमधला. कागदावर माशाचं पाणी उडालं, कोपरा फाटला, तरी स्कॅन होतं ते यामुळे, सगळ्यात वरच्या लेव्हलला साधारण ३० टक्के कोड खराब झाला तरी. ऑगस्ट २०२४ मध्ये अमेरिकेच्या निस्ट संस्थेने क्वांटम कॉम्प्युटरला पुरून उरावी म्हणून जी किल्ली-देवाणघेवाणीची पद्धत प्रमाणित केली ती क्ष^२५६ + १ ला शून्य धरलेल्या रिंगमध्ये चालते, सहगुणक ३३२९ च्या बाकीत.

भूमितीत बहुपदींचा आयडियल म्हणजे समीकरणांचा संच आणि त्यांची सामाईक उत्तरं म्हणजे आकृती, हा दुवा हिल्बर्टने १८९३ मध्ये पक्का केला. प्रत्यक्ष आकडेमोड करायची तर बुखबर्गरने १९६५ मध्ये काढलेली ग्रोबनर बेसिस, म्हणजे आयडियलच्या जनरेटरांचा हिशेबाला सोयीचा संच. एमएस्सीला कम्युटेटिव्ह अल्जिब्रा घेतला की पुढचं सगळं याच वाटेने जातं.

ऑर्डर थिअरीतही (वर-खाली अशा क्रमाचा अभ्यास) आयडियल हा शब्द येतो, तिथे अर्थ वेगळा दिसतो: खाली जाताना बंद आणि कुठल्याही दोघांच्या वर एक सामाईक घटक असलेला संच, त्याचा उलटा तो फिल्टर. बूलियन अल्जिब्राची ("आणि", "किंवा", "नाही" यांचं बीजगणित) बूलियन रिंग केली की मात्र दोन्ही अर्थांचे आयडियल तेच निघतात, त्यामुळे तिथे कुठला म्हणायचा हे सांगावं लागत नाही, बाकी ठिकाणी सांगावं लागतं.