हलका हप्ता आणि स्वस्त कर्ज या दोन वेगळ्या गोष्टी आहेत

घराचं कर्ज केवढ्याला पडलं, असं कुणालाही विचारा. उत्तरात हप्ता येतो. "महिन्याला त्रेचाळीस हजार जातात." अजून किती महिने जाणार आहेत, हे विचारलं की माणूस अडखळतो. बिल्डरच्या सेल्स ऑफिसात फलकावर हप्ताच मोठ्या अक्षरांत असतो, एजंट हप्त्यावरच बोलतो, आणि नातेवाईकही "हप्ता झेपेल ना?" एवढंच विचारतात. प्रश्न योग्यच आहे, पण तो महिन्याच्या खर्चाचा प्रश्न आहे. कर्ज स्वस्त की महाग, याचं उत्तर त्यातून मिळत नाही. तरी सुशिक्षित, हिशोबी माणसंसुद्धा "हप्ता कमी करून घेतला, कर्ज स्वस्त झालं" असं सांगतात, तेव्हा मला राहवत नाही. पुढचं सगळं त्यासाठी.

ईएमआय म्हणजे काय ते तुम्हाला माहीत आहे, त्यात वेळ घालवत नाही. दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर व्याज लागतं, हप्त्यातून आधी ते वळतं होतं आणि उरलेला भाग मुद्दलातून वजा होतो. फ्लॅट रेट वेगळा, तिथे शेवटपर्यंत मूळ रकमेवरच व्याज मोजतात. बँकांच्या गृहकर्जात तो नसतो. कुणी फ्लॅट रेटने कर्ज देऊ करत असेल तर सरळ उठून यावं.

आता एकच उदाहरण शेवटपर्यंत धरू. ५० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. एकूण व्याज ५४ लाख १४ हजार.

हेच कर्ज ३० वर्षांसाठी घेतलं तर हप्ता ३८,४४६. महिन्याला ४,९४५ रुपये सुटले. एकूण व्याज मात्र ८८ लाख ४० हजार, म्हणजे ३४ लाख २७ हजार जास्त. १५ वर्षांसाठी घेतलं तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज ३८ लाख ६३ हजार. दर तिन्ही ठिकाणी साडेआठच.

इथवर बहुतेकांना कळतं. पण ते ४,९४५ रुपये नेमके कुठून सुटले, हे कुणी बघत नाही. पहिल्या महिन्याचा हिशोब मांडा. ५० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज ३५,४१७ रुपये. मुदत २० वर्षं असो की ३०, ते तेवढंच. २० वर्षांच्या हप्त्यातून मुद्दलात जातात ७,९७४ आणि ३० वर्षांच्या हप्त्यातून ३,०२९. फरक बरोबर ४,९४५. म्हणजे हप्ता जेवढा कमी झाला तो सगळाच्या सगळा तुमच्या मुद्दलफेडीतून कमी झाला. बँकेच्या व्याजातला एक रुपयाही हलला नाही. सवलत म्हणून जे वाटतं ती फेड पुढे ढकलण्याची परवानगी असते, आणि ढकललेल्या प्रत्येक रुपयावर व्याज सुरू राहतं.

व्याज हे पैशाचं भाडं आहे. भाड्याचा दर काय, याच्या इतकंच आपण किती महिने राहिलो यालाही महत्त्व आहे. आपण दराच्या पाव टक्क्यासाठी तीन बँका पालथ्या घालतो आणि मुदतीच्या रकान्यात समोरचा जो आकडा भरेल त्यावर सही करतो.

ज्या एका जागी माणसं हमखास चुकतात, ती म्हणजे पार्ट पेमेंट, म्हणजे मधेच एकरकमी पैसे भरून मुद्दल कमी करणं. पाच वर्षं हप्ते भरून झालेत. एव्हाना २६ लाख ३ हजार रुपये भरले, त्यातले २० लाखांहून थोडे जास्त व्याजात गेले, आणि शिल्लक आहे ४४ लाख ६ हजार. अशात बोनस आला किंवा गावची जमीन विकली, आणि पाच लाख भरायला आपण शाखेत जातो. खिडकीवर किंवा अ‍ॅपवर एक प्रश्न येतो: हप्ता कमी करायचा की मुदत? कित्येकदा हा प्रश्न येतही नाही, काहीतरी एक आधीच टिक केलेलं असतं. आपण पाच लाख भरल्याच्या समाधानात असतो. या एका टिकवर जवळजवळ सात लाख रुपये अवलंबून आहेत.

मुदत कमी केली तर हप्ता ४३,३९१ च राहतो. १८० हप्ते उरले होते, ते १४४ वर येतात. तीन वर्षं आधी कर्ज संपतं, आणि पाच लाख वजा जाता व्याजात सुमारे १० लाख ६९ हजार वाचतात.

हप्ता कमी केला तर तो ३८,४६७ होतो, उरलेले १८० हप्ते तसेच. व्याजात वाचतात सुमारे ३ लाख ८६ हजार.

पाच लाख दोन्हीकडे तेच, बँक तीच, दर तोच. मग एवढा फरक का? पुन्हा एका महिन्याकडे बघा. पाच लाख भरण्याआधी तुमच्या हप्त्यातून मुद्दलात १२,१८० रुपये जात होते. मुदत कमी करण्याचा पर्याय घेतला तर पुढच्या महिन्यापासून १५,७२१ जातात. हप्ता कमी करण्याचा घेतला तर १०,७९७. म्हणजे घामाचे पाच लाख भरूनही, दर महिन्याची मुद्दलफेड आधीपेक्षा मंदावली! व्याजात जे ३,५४२ रुपये सुटले ते तर तुम्ही परत घेतलेच, वर मुद्दलफेडीतलेही सुमारे १,४०० काढून घेतले. पार्ट पेमेंट करूनही कर्ज सरत नाही अशी तक्रार करणाऱ्या बऱ्याच जणांच्या स्टेटमेंटमध्ये हेच सापडतं.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी, कारण तिच्यावरून वाद होतात. हप्ता कमी केल्याने बँकेने तुम्हाला फसवलं असं होत नाही. हप्त्यातून सुटलेले ४,९२४ रुपये तुमच्या हातात आले. ते तुम्ही दर महिन्याला नेमाने त्याच कर्जात परत भरले, तर दोन्ही पर्यायांचा हिशोब सारखाच होतो. साडेआठ टक्क्यांहून जास्त परतावा कर भरून हाती येईल अशा ठिकाणी गुंतवले तर थोडे पुढेही जाल. पण 'नेमाने' हाच अवघड भाग आहे. ते पाच हजार किराणा, पेट्रोल आणि शाळेच्या फीमध्ये कधी मिसळतात, ते कळतही नाही. म्हणून माझं मत पक्कं आहे: झेपत असेल तर हप्ता तोच ठेवा आणि मुदत तोडा. पाच लाख एकदम नसतील तरी हरकत नाही. वर्षाकाठी एक हप्ता जास्तीचा भरला तरी वीस वर्षांचं हे कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि दहा लाखांहून थोडं जास्त व्याज वाचतं. व्यक्तीने घेतलेल्या फ्लोटिंग, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या दराच्या गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. "दंड बसेल" म्हणून थांबलेली माणसं अजून भेटतात, हे फार वाईट आहे.

हीच निवड दर वाढतो तेव्हा तुमच्या वतीने परस्पर होते. रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, मे २०२२ च्या सुरुवातीला चार टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा झाला. फ्लोटिंग कर्जांचे दर त्यामागोमाग अडीच टक्क्यांपर्यंत चढले, पण पुष्कळांचा हप्ता बदलला नाही. "आमचा हप्ता काही वाढला नाही बुवा," असं समाधानाने सांगणारे किती तरी होते. हप्ता वाढला नव्हता, मुदत वाढली होती.

किती वाढू शकते? समजा ५० लाख सात टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले होते, हप्ता ३८,७६५. वर्षभराने शिल्लक ४८ लाख ८१ हजार. दर साडेनऊ झाला, तर त्या शिल्लकेवर महिन्याचं व्याज होतं ३८,६४२. हप्त्यातून मुद्दलात जातात १२३ रुपये. या गतीने कर्ज फिटायला साठ वर्षं लागतील. अर्थात बँक इतकं ताणत नाही, निवृत्तीच्या वयाच्या अलीकडे कुठेतरी थांबते आणि मग हप्ता वाढवते. पण मधल्या महिन्यांत भरलेला जवळजवळ प्रत्येक रुपया नुसत्या व्याजात गेलेला असतो.

हे इतकं झालं की रिझर्व्ह बँकेला ऑगस्ट २०२३ मध्ये नियम करावा लागला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला द्यायचा. मुदत वाढवल्याने हप्ता व्याजालाही पुरेनासा होता कामा नये. आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं, ज्यात आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असेल. नियम चांगला आहे. पण पर्याय निवडा म्हणून आलेला ईमेल न उघडता पडून राहिला, तर तो पर्याय असून नसल्यासारखाच.

दर उतरतात तेव्हा उलटं. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो एक टक्क्याने खाली आला, आणि लगेच "हप्ता कमी करून मिळेल का?" ही विचारणा सुरू झाली. मागू नका. दर उतरल्यावर हप्ता तसाच राहू देणं म्हणजे कुठून पैसे न आणता केलेलं पार्ट पेमेंट. रेपोशी जोडलेल्या कर्जात ही घट आपोआप पोचते. जुनं कर्ज एमसीएलआर किंवा त्याआधीच्या बेस रेटवर, म्हणजे बँकेने स्वतः ठरवलेल्या मूळ दरांवर असेल, किंवा हाउसिंग फायनान्स कंपनीचं असेल, तर ती उशिरा किंवा अर्धीच पोचू शकते. तिथे अर्ज करून दर बदलून घ्यावा, त्याची फी बहुधा काही महिन्यांतच वसूल होते.

"बँक आधी सगळं व्याज काढून घेते, आता दहा वर्षांनंतर जादा भरून काय फायदा?" हे वाक्य तर बंदच व्हायला हवं. बँक आधी काही काढून घेत नाही. सुरुवातीला शिल्लक मोठी म्हणून व्याज मोठं, एवढंच. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात हे खरं, पण बाराव्या वर्षी भरलेला रुपयाही त्या दिवसापासून साडेआठ टक्केच वाचवतो. वाचवायला उरलेले महिने तेवढे कमी असतात.

दुसरं, करबचतीसाठी कर्ज राखून ठेवणं. जुन्या कररचनेत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट आहे. नव्या रचनेत राहत्या घराला ती नाही. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचं व्याज ४ लाख २१ हजार. तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचा कर वाचतो सेस धरून ६२,४००. पाच वर्षांनी पाच लाख भरल्यावरही वर्षाचं व्याज तीन लाखांच्या वर असतं. म्हणजे कर्ज एकट्याच्या नावावर असेल तर त्या वर्षीच्या वजावटीतला एक रुपयाही जात नाही. तरी सीए नसलेले दहा जण "टॅक्स बेनिफिट जाईल" म्हणून घाबरवतात.

५० आणि ५४ मिळवून "घर एक कोटी चारला पडलं" म्हणणंही तंतोतंत बरोबर नाही. वीस वर्षांनंतरचे ४३ हजार आजच्या ४३ हजारांएवढे जड नसतात, पगार वाढतो, महागाईही. ती बेरीज दोन मुदतींची तुलना करायला वापरा, घराची किंमत म्हणून नको. प्रोसेसिंग फी, कर्जाच्या कागदांची स्टॅम्प ड्युटी, कर्जाबरोबर गळ्यात मारला जाणारा विमा, हे खर्च एकदाच होतात आणि या आकड्यांपुढे किरकोळ आहेत. विमा मात्र वेगळा, साधा टर्म प्लॅन घ्यावा. कर्जात मिसळलेल्या प्रीमियमवरही तुम्ही वीस वर्षं व्याज भरता.

हप्ता कमी करणं योग्य ठरतं अशी परिस्थिती असते, आणि तेव्हा संकोच करू नये. दोन पगारांवर घेतलेलं कर्ज एकावर आलं, नोकरी डळमळीत आहे, घरात मोठं आजारपण आहे, सहा महिन्यांचा खर्च बाजूला नाही. अशा वेळी हप्ता चुकण्यापेक्षा तो हलका करून घेणं केव्हाही शहाणपणाचं. गाडी सावरली की तो पुन्हा वाढवून मागता येतो, हे मात्र लक्षात ठेवा. तसं लेखी द्यावं लागतं, कारण बँक आपणहून विचारायला येत नाही.

पार्ट पेमेंट करताना अर्जात "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी" हे एक वाक्य स्वतःच्या हाताने लिहा आणि पोच घ्या. आठवड्याभराने सुधारित परतफेडीचं वेळापत्रक मागवा. त्यात हप्त्याचा रकाना न बघता उरलेल्या हप्त्यांची संख्या बघा. ती १८० वरून १४४ वर आली नसेल, तर त्याच दिवशी शाखेत जा.