दोन हजार वर्षांनी उगवलेली खजुरी

मृत समुद्राच्या काठावर, उभ्या कड्यांच्या एकाकी डोंगरावर मसाडाचा किल्ला आहे. हेरोद राजाने त्यावर महाल बांधले आणि इ.स. ७३च्या सुमारास रोमन सैन्याने तो घेतला. १९६०च्या दशकात यिगाएल यादिन यांनी तिथे उत्खनन केलं, तेव्हा इतर वस्तूंबरोबर खजुराच्या बियाही निघाल्या. पुढची चाळीसेक वर्षं त्या नुसत्या जपून ठेवलेल्या होत्या.

बायबलमध्ये खजुरी वारंवार भेटते. यरीहो हे तर खजुरींचंच नगर. यहूदियाचं, म्हणजे या भागातल्या ज्यूंच्या प्रांताचं, बंड मोडल्यावर रोमने पाडलेल्या नाण्यांवरही खजुरीखाली बसून रडणारी स्त्री आहे. पुढे त्या बागा गेल्या. इस्रायलमध्ये आज दिसणाऱ्या खजुरींचे वाण बाहेरून आणलेले आहेत.

औषधी वनस्पतींच्या अभ्यासक डॉ. सारा सॅलन यांनी मिळवलेल्या या बियांपैकी तीन वाळवंटी शेतीच्या जाणकार एलेन सोलोवे यांनी जानेवारी २००५मध्ये अरावा वाळवंटातल्या केतुरा वसाहतीत पेरल्या. मुहूर्त होता तू बिश्वातचा, म्हणजे ज्यूंच्या झाडांच्या नववर्षाचा. (आपल्याकडचे बेने इस्रायली याच सणाला अलिबागजवळच्या खंडाळ्याला जातात आणि पोहे-खोबऱ्याचा मलिदा करतात.) पेरण्याआधी बिया कोमट पाण्यात भिजवल्या, मग जिबरेलिक आम्लात ठेवल्या. नाशिकचे द्राक्षबागायतदार मणी फुगवायला ‘जीए’ वापरतात, तेच हे. त्यावर मुळं फुटण्यासाठीचं संप्रेरक. काही आठवड्यांत एक बी उगवली. पहिल्या पानांवर पांढुरके चट्टे होते, हरितद्रव्य कमी होतं. नंतरची पानं नीट आली. मुळांना चिकटलेल्या टरफलाच्या तुकड्यांचं कार्बन वयमापन झालं, तेव्हा बी सुमारे दोन हजार वर्षांची निघाली. बायबलमध्ये ९६९ वर्षं जगलेल्या मथुशलहचं नाव रोपाला मिळालं.

आंब्याची कोय सुकली की संपली, कारण तिला ओल लागतेच. खजुराची बी मात्र वाळणं सोसते. पाणी उडून गेलं की पेशीतल्या रासायनिक घडामोडी जवळजवळ थांबतात. मृत समुद्राचा काठ समुद्रसपाटीपासून चारशे मीटरहून जास्त खाली, पाऊस नावाला. एरवी उष्णता बियांचा घात करते. इथे कोरडेपणाने ती निभावून नेली. म्हणून काही कुठलीही जुनी बी उगवत नाही. इजिप्तच्या थडग्यातला गहू उगवल्याच्या कथा शंभर-दीडशे वर्षं फिरताहेत, त्यातली एकही तपासात टिकलेली नाही.

मथुशलह नर निघाला. खजुरीत नर आणि मादी झाडं वेगळी असतात, त्यामुळे फळाची आशाच नव्हती. मग मसाडा आणि त्याच वाळवंटी भागातल्या कुमरान आणि वादी मकुख या प्राचीन ठिकाणांच्या बियांमधून आणखी सहा रोपं उगवली. त्यातल्या हन्ना नावाच्या मादीला २०२०मध्ये मथुशलहचा पराग दिला आणि १११ खजूर उतरले. रंग फिकट, गर थोडा कोरडा, गोडी बेताची.

‘प्राचीन खजूर परत आला’ असे मथळे तेव्हा झळकले. मला ते फार सैल वाटतात. खजुरीचा नामांकित वाण टिकवायचा तर बुंध्याशी फुटलेले फुटवे लावतात. बीपासून आलेलं प्रत्येक झाड आईबापांहून निराळं असतं. रोमन लोकांनी वाखाणलेला खजूर चाखायला त्या वाणाचा फुटवाच हवा होता, आणि फुटवे काही दोन हजार वर्षं टिकत नाहीत. हन्नाची फळं त्या घराण्यातली खरी, पण तो वाण नव्हे.

घराण्याची माहिती मात्र पक्की मिळाली. २०२१मध्ये या झाडांचा जनुकीय अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यांत क्रीट बेटावरच्या रानटी खजुरीची जनुकं मिसळलेली आढळली, आणि बी जितकी अलीकडच्या काळातली तितकी ही भेसळ जास्त. म्हणजे मसाडा पडलं त्या सुमारासही यहूदियाच्या बागा निव्वळ देशी राहिलेल्या नव्हत्या.