खोळंबगार

खोळंबगार : कोकण किनाऱ्यावर घडते असे कल्पिलेले एक नैसर्गिक नवल. भरती-ओहोटीच्या पट्ट्यातील काळ्या कातळाच्या पोकळीत स्फटिकांचा झुबका असतो आणि त्याच्याभोवती दहा-बारा पावलांच्या आत काळ संथ चालतो, अशी ही कल्पना. असा खडक प्रत्यक्षात कोठेही नाही. तिच्या आधाराला घेतलेले भूशास्त्र आणि भरतीचे गणित मात्र खरे आहे.

रायगड-रत्नागिरीचा किनारा मुख्यतः सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्यापासून बनलेल्या बेसाल्टचा असून सड्यांवर, म्हणजे किनाऱ्यालगतच्या सपाट कातळपठारांवर, त्याला जांभ्याचे कवच आहे. लाव्हा थिजताना वायूच्या बुडबुड्यांनी ठेवलेल्या पोकळ्यांत पुढे पाण्यातून क्षार साचले आणि गारगोटी, कॅल्साइट, झिओलाइट असे स्फटिक वाढले. याच जातीच्या खडकातले पुणे, नाशिक, जळगाव भागांतील अपोफिलाइट आणि स्टिलबाइट हे स्फटिक जगभरच्या संग्रहालयांत पोहोचले आहेत. खोळंबगार याच पोकळ्यांत कल्पिली असल्याने ती मालवण-वेंगुर्ल्यापर्यंत नेता येत नाही. तिकडे खडक बदलतो.

कल्पनेतले प्रमाण असे : गारेजवळ, म्हणजे त्या स्फटिकांच्या झुबक्याजवळ, एक तास गेला, की बाहेर एक तास आणि वर एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे, उलटलेली असते. आतल्या माणसाला घड्याळावरून याचा पत्ता लागत नाही. मनगटावरचे क्वार्ट्झ घड्याळ सेकंदाला ३२,७६८ कंपने मोजून चालते, पण तेही आतच असल्याने तितकेच रेंगाळते. बाहेर आल्यावर मोबाइल टॉवरकडून आपली वेळ दुरुस्त करून घेतो, घड्याळ मागेच राहते. त्यावरून काही घडल्याचे कळायचे. काठावरून पाहणाऱ्याला आतल्यांच्या हालचाली जड वाटतात, हाक खर्जात ऐकू येते. या हिशेबाने आतली माणसे तांबूसही दिसायला हवीत, पण रंगाचा प्रश्न या कल्पनेने सोयीस्करपणे टाळला आहे.

आतून खरी साक्ष देते ती भरतीच. सुकतीला, म्हणजे ओहोटीला, कातळावर उकिडवी बसून कालवे (खडकाला चिकटलेले शिंपले) काढणारी बाई घड्याळ पाहत नाही. टोकदार लोखंडाने वरचे कवच उडवायचे, आतला गर डब्यात टाकायचा, पुढच्या कालवाकडे सरकायचे, आणि एक नजर घळीतल्या पाण्यावर ठेवायची. गारेजवळ बसलेलीला लाटा घाईने येताना दिसतात. मान वर करते तोवर परतीच्या वाटेवरचे दगड बुडालेले. ‘आत्ता तर सुकती होती!’ एवढेच तिला म्हणता येते. भरतीच्या साधारण सहा तासांत पाणी मधल्या दोन तासांत सर्वांत जोराने चढते, म्हणून घटिकेची चूक त्या वेळी महागात पडते. त्यातही अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला धोका अधिक, अष्टमीच्या भांगाला, म्हणजे लहान भरतीला, कमी.

किनाऱ्यावर भरतीची वेळ तोंडी काढण्याची रीत आहे : तिथीला पाऊणने गुणायचे. चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या सुमारास पूर्ण भरती. भरती रोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते, त्यावर हा ठोकताळा बसला आहे. मुळात इथे घड्याळ आणि आभाळ कधी जुळतच नाहीत. प्रमाणवेळ ८२.५° पूर्व रेखावृत्ताची असल्याने रत्नागिरीला सूर्य सरासरी सुमारे ३७ मिनिटे उशिरा माथ्यावर येतो. अशा मुलखात आणखी एका घटिकेचा खोळंबा कल्पिणे फारसे अवघड गेले नसावे.

स्फटिक काळ वाकवत नाहीत. गुरुत्वाकर्षण वाकवते, तेही अगदी किंचित. तीस मीटर उंच दीपगृहाच्या माथ्यावरचे घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा वर्षाला सेकंदाच्या सुमारे एक कोटीव्या भागाने पुढे जाते. हा फरक प्रयोगशाळेत आता एका मिलिमीटरच्या उंचीतही मोजता येतो. अमेरिकेत केलेले तसे मोजमाप २०२२ मध्ये प्रसिद्ध झाले.

अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ फ्रँक विल्चेक यांनी २०१२ मध्ये मांडलेला ‘कालस्फटिक’ ही वेगळी गोष्ट आहे. त्यात कणांची रचना जागेऐवजी काळात ठरावीक अंतराने पुन्हा पुन्हा उमटते. त्याच्या बदललेल्या रूपाचे प्रयोग २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्याच्याजवळ उभे राहिल्याने कोणाचीही भरती चुकत नाही.