अटकपूर्व जामीन (मारहाणीच्या गुन्ह्यांतील)

अजामीनपात्र गुन्ह्यात अटक होईल अशी भीती असलेल्याला अटकेआधीच सत्र किंवा उच्च न्यायालयाकडून मिळणारे संरक्षण. 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ते कलम 438 खाली मिळे. 1 जुलै 2024 पासून त्याची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 482 ने घेतली. पक्षकारांच्या तोंडी हा जामीन नुसता ‘अटकपूर्व’ असतो.

मराठवाड्यात अर्ज सहसा आधी जिल्ह्याच्या किंवा अंबाजोगाईसारख्या ठिकाणच्या सत्र न्यायालयात जातो. तिथे फेटाळला, तर मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठात नव्याने करता येतो. हे खंडपीठ 1981 साली सुरू झाले. त्याआधी किनवटच्या माणसालाही उच्च न्यायालयासाठी मुंबई गाठावी लागे.

चापटबुक्कीच्या साध्या मारहाणीला (भारतीय दंड संहितेच्या जागी आलेली भारतीय न्याय संहिता, कलम 115(2)) अटकपूर्व लागतच नाही, कारण तो गुन्हा जामीनपात्र आहे. नव्या कायद्यात एक विचित्र गोष्ट झाली आहे. नुसत्या हाताने मारून हाड मोडले, तर कलम 117(2) जामीनपात्र. विळ्याने वरवरची जखम केली, तर 118(1) अजामीनपात्र. धारदार हत्याराने गंभीर दुखापत केली तर 118(2), आणि जीवे मारण्याचा प्रयत्न असेल तर 109. एकाच भांडणात फिर्यादी पक्ष 109 चा आग्रह धरतो आणि आरोपीचे वकील 115 वर बोट ठेवतात. खरी लढाई इथेच होते.

समजा, बांध कोरला म्हणून भावकीत मारामारी झाली. फिर्यादीत आठ नावे आहेत. एकाने कुऱ्हाडीने डोक्यात वार केला, बाकीच्यांनी ‘लाथाबुक्क्यांनी मारहाण व शिवीगाळ केली’. न्यायालय आधी ही आठ नावे सुटी करते. ज्याच्या हातात कुऱ्हाड होती त्याला संरक्षण मिळणे अवघड. ज्यांच्यावर सरसकट आरोप आहेत त्यांना ते बऱ्याचदा मिळते. समान उद्देशाचे कलम लावले म्हणून सगळे एका मापाने मोजले जात नाहीत. मग येते जखमेचे प्रमाणपत्र. डॉक्टरने ‘साधी’ लिहिले की ‘गंभीर’, जखम कुठे आहे, फिर्यादीतले हत्यार आणि ती जखम यांचा मेळ बसतो का, हे बारकाईने पाहिले जाते. फिर्यादीत कुऱ्हाड आणि अंगावर नुसते खरचटणे असेल, तर सरकार पक्षाचे म्हणणे तिथेच ढिले पडते.

फिर्याद उशिरा दिली का, दोन्हीकडून परस्परविरोधी गुन्हे दाखल आहेत का, आरोपीवर आधीचे गुन्हे आहेत का, तो पळून जाईल का, हेही विचारात घेतले जाते. तपासी अंमलदाराचे ठरलेले म्हणणे असते की हत्यार जप्त करायचे आहे, म्हणून कोठडी हवी. पण गुरबक्षसिंग सिब्बिया प्रकरणात (1980) सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितले की जामिनावरचा आरोपीही हत्यार काढून देऊ शकतो. तेवढ्यासाठी जामीन नाकारायचे कारण नाही. तरी हत्यार मिळालेले नसेल, तर व्यवहारात हा मुद्दा जड जातोच.

अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायद्याची (‘अ‍ॅट्रॉसिटी’ची) कलमे लागली की चित्र पालटते. त्या कायद्याच्या कलम 18 मुळे अटकपूर्वचा दरवाजा बंद होतो. फिर्याद वाचून प्रथमदर्शनी तो गुन्हाच होत नसेल, तरच तो किलकिला होतो, असे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये म्हटले.

अर्जाच्या निकालापर्यंत अंतरिम, म्हणजे तात्पुरते, संरक्षण मिळू शकते. अंतिम आदेशाला मुदत घालणे आवश्यक नाही, हे सुशीला अग्रवाल प्रकरणात (2020) ठरले. अटी मात्र असतात: ठाण्यात हजेरी लावायची, तपासाला सहकार्य करायचे, साक्षीदारांना धमकवायचे नाही, कधी गावातच पाय ठेवायचा नाही. ही शेवटची अट शेतकऱ्याला सर्वांत जड जाते. फिर्यादीचे आणि आरोपीचे शेत एकाच बांधाला लागून असते, आणि मृगाचा पाऊस पडला की अट शिथिल करून मागण्यासाठी पुन्हा वकिलाकडे जावे लागते.