मार्सेल दालियो

मार्सेल दालियो (२३ नोव्हेंबर १८९९ – नोव्हेंबर १९८३) हा फ्रेंच चरित्र अभिनेता. जन्म पॅरिसचा, मृत्यूही पॅरिसलाच. खरं नाव इस्रायल मोशे ब्लाउशिल्ड, आईवडील रोमानियातून आलेले ज्यू. अंगाने लहानखुरा, मोठे काळे डोळे. हिरो म्हणून कोणी घेणार नाही असा, पण एकदा बघितलेला चेहरा विसरत नाही, आणि याच चेहऱ्याने त्याला आयुष्यभर कामंही दिली आणि तोच त्याच्या जिवावरही उठला.

सुरुवात नाटक-कॅबरेमधून झाली. सिनेमात नाव झालं १९३७ला, दिग्दर्शक झाँ रेन्वारच्या 'ला ग्रांद इल्युझ्यों'मुळे. त्यात तो रोझेंथाल, पहिल्या महायुद्धातला कैदी, श्रीमंत ज्यू घरातला, घरून आलेली खाण्याची पार्सलं सगळ्यांबरोबर वाटून खाणारा. पुढे सोबतचा कैदी झालेल्या झाँ गाबँबरोबर पळून जाताना त्याचा पाय मुरगळतो, दोघंही उपाशी, मग कडाक्याचं भांडण, गाबँ ज्यूंबद्दल नको ते बोलून पुढे निघून जातो आणि हा तिथेच बसून रागाने एक बालगीत ओरडून गायला लागतो, तर पुढे गेलेला गाबँही तेच गाणं म्हणत चालत असतो आणि शेवटी परत फिरतो.

१९३९च्या 'ला रेग्ल द्यू झ्यू'मध्ये रेन्वारने त्याला थेट मार्की केलं, म्हणजे बडा सरदार, हवेलीचा मालक. माझ्या मते हे त्याचं सगळ्यात मोठं काम. या मार्कीला यांत्रिक वाद्यं जमवायचा नाद असतो, आणि पाहुण्यांसमोर तो आपला भलामोठा यांत्रिक ऑर्गन दाखवतो तो शॉट नीट बघा. पडदा उघडतो, दिवे लागतात, आणि दालियो बाजूला उभा राहून रुमालाने तोंड पुसतोय, चेहऱ्यावर एकाच वेळी अभिमान आणि लाज, नवं खेळणं दाखवणाऱ्या लहान मुलासारखी. एक शब्द बोलत नाही. याच सिनेमात स्वयंपाकघरातले नोकर कुजबुजतात की मालकाच्या आईचे वडील फ्रँकफर्टहून आलेले कोणी रोझेंथाल होते.

मग युद्ध आलं. जून १९४०मध्ये जर्मन पोचायच्या आत तो आणि त्याची बायको, अभिनेत्री मादलेन लबो, पॅरिसमधून निघाले. लिस्बनहून बोट मिळाली पण व्हिसे खोटे निघाले, त्यामुळे मेक्सिकोत अडकले, शेवटी कॅनडाच्या तात्पुरत्या पासपोर्टवर अमेरिका गाठली. इकडे नाझींनी 'ज्यू कसा ओळखायचा' हे सांगायला पोस्टरवर दालियोचाच फोटो छापला. मागे राहिलेली घरची माणसं छळछावण्यांमध्ये मारली गेली.

हॉलिवूडमध्ये रेन्वारच्या मार्कीच्या वाट्याला वेटर, दुकानदार, हॉटेलवाले असले रोल आले. 'कासाब्लांका'त (१९४२) तो रिकच्या कॅफेत रूलेटच्या जुगाराचं टेबल चालवणारा एमिल, श्रेयनामावलीत नावसुद्धा नाही. पण बल्गेरियन जोडप्याला जिंकवायचंय हे मालकाच्या, म्हणजे रिकच्या, बोलण्यावरून ओळखून तो बॉल लागोपाठ दोनदा २२ नंबरवर आणतो. आणि जुगार चालतो म्हणून पोलीस कॅप्टन रेनो कॅफे बंद करत असतानाच त्याच्या हातात जिंकलेले पैसे आणून देतो तोही हाच. मादलेनही त्यात आहे, मार्सेएझ, म्हणजे फ्रान्सचं राष्ट्रगीत, गाताना रडणारी इव्हॉन तीच. त्याच सुमारास दोघांचं लग्न मात्र मोडत होतं.

नंतर 'टू हॅव अँड हॅव नॉट', 'सब्रिना', 'हाऊ टू स्टील अ मिलियन', 'कॅच-२२' अशी यादी लांबत गेली, बहुतेक वेळा दोन-चार सीनच. टीव्हीवर १९५५-५६मध्ये 'कासाब्लांका'ची मालिका निघाली, त्यात त्याला कॅप्टनचा रोल मिळाला, म्हणजे सिनेमात ज्याच्या हातात त्याने पैसे ठेवले होते त्याचाच.

१९७३ला फ्रान्समध्ये 'राबी झाकोब' ही लुई द फ्युनेसची कॉमेडी तुफान चालली. ज्यूंना नाकं मुरडणारा एक माणूस जीव वाचवायला न्यूयॉर्कहून आलेल्या राबीचं, म्हणजे ज्यू धर्मगुरूचं, सोंग घेतो अशी गोष्ट. त्यातला खरा राबी झाकोब, पांढरी दाढी, काळी टोपी, गावभर हसतमुखाने फिरणारा, तो दालियो.