जॅग्वार (माया संस्कृतीतील)

मध्य अमेरिकेतील प्राचीन माया लोकांच्या दैवतकथांत व राजचिन्हांत वारंवार येणारा मार्जारकुलातील प्राणी (पँथेरा ओंका). दिसायला बिबट्यासारखा, पण थोराड. अंगावरच्या काळ्या कड्यांत बारीक ठिपके असतात. माया भाषांत याला ‘बालाम’ म्हणतात. अभिजात काळातील (सु. इ. स. 250–900) लेखांत ‘हिश’ हाही शब्द येतो, 260 दिवसांच्या पंचांगातील चौदाव्या दिवसाचे ‘ईश’ हे नाव त्याच्याशी जोडतात.

सर्वाधिक वाद आहे तो अभ्यासक ज्याला ‘पाताळीचा जॅग्वार देव’ म्हणतात त्याच्याविषयी. जॅग्वारचा कान आणि डोळ्यांखालून येऊन नाकावर पीळ घेणारी दोरी ही त्याची खूण. माया लिपीत सात हा अंक मुखाच्या रूपात दाखवतात, ते मुखचिन्हही त्याचेच. मावळलेला सूर्य जॅग्वार होऊन पाताळातून फिरतो व हा देव म्हणजे तोच रात्रीचा सूर्य, हे माया संस्कृतीचे अभ्यासक एरिक टॉम्पसन यांचे मत दीर्घकाळ प्रमाण मानले गेले. तथापि हे मुख ढालींवर, धुपाटण्यांवर व अग्निविधींच्या संदर्भात आढळते. त्यामुळे डेव्हिड स्टुअर्ट प्रभृती लेखतज्ज्ञ त्याचा संबंध अग्नीशी लावतात. शिल्पांचा पुरावा पाहता हे मत अधिक ग्राह्य वाटते. चित्रित भांड्यांवरील पाणकमळधारी जॅग्वारांनाही पूर्वी सरसकट देव समजत. 1989 मध्ये ‘वाय’ (व्यक्तीचे स्वप्नात वावरणारे दुसरे रूप) या लेखचिन्हाची उकल झाल्यावर यांतील अनेक आकृती राजघराण्यांशी निगडित स्वप्नरूपे ठरल्या.

राजांच्या नावांत ‘बालाम’ सर्रास येतो (उदा., याशचिलान या माया नगराचा राजा याशून बालाम चौथा, कार. 752–768). पालेंके येथील शिल्पात पाकाल राजा दुतोंडी जॅग्वाराच्या आसनावर बसला आहे. चिचेन इत्सा येथील तांबडे आसन जॅग्वाराकृती असून त्यावरचे ठिपके जेडचे आहेत. कोपान येथील ‘क्यू’ नावाने ओळखल्या जाणाऱ्या दगडी वेदीजवळ (सु. 776) पंधरा मोठ्या मार्जारांची हाडे मिळाली. हे वेदी उभारणाऱ्या राजाच्या आधीच्या पंधरा राजांसाठी दिलेले बळी असावेत. हाडांतील समस्थानिकांच्या (मूलद्रव्यांच्या वेगवेगळ्या वजनाच्या अणूंच्या) परीक्षणावरून कोपानमधील काही मार्जार बंदिस्त ठेवून पोसलेले असावेत, असे दिसते.

किचे या माया भाषेतील सोळाव्या शतकातील ‘पोपोल वूह’ या दैवतकथांच्या ग्रंथात पहिल्या चार पुरुषांपैकी तिघांच्या नावांत ‘बालाम’ आहे. त्यातीलच जुळ्या वीरांपैकी शबालांके याच्या नावातही बहुधा तोच शब्द असावा; मात्र त्या नावाच्या फोडीवर एकमत नाही. या उत्तरकालीन ग्रंथावरून अभिजात चित्रांचा अर्थ लावताना जपून असावे.

युकातानात पुढे शेताची व गावाची राखण करणाऱ्या अदृश्य रक्षकांना ‘बालाम’ म्हणत. त्यांचे वर्णन मात्र लांब दाढीच्या म्हाताऱ्याचे आढळते.